स्पॅनिश अमेरिकेचा स्वातंत्र्यानंतरचा राजकीय विचार: उसना होता का, आणि तो वाचायचा कसा

प्रश्न असा आहे: १८१० ते १८२५ या काळात स्पेनपासून सुटलेल्या अमेरिकेतल्या देशांनी फ्रान्स आणि संयुक्त संस्थानांकडून विचार उसने घेतले, ते तिथे रुजले नाहीत आणि म्हणून लष्करी पुढाऱ्यांचं राज्य आलं, हे कितपत खरं? आणि त्या लोकांचं मूळ लिखाण वाचायचं तर सुरुवात कुठून करायची?

उसनवारी झाली, यात वाद नाही. पण विचार उसने होते म्हणून राज्यं कोसळली, हे म्हणणं मूळ कागद हातात घेतले की टिकत नाही. घेतलेल्या जवळजवळ प्रत्येक कल्पनेत त्या लोकांनी फेरफार केले, आणि फेरफार नेमके कुठे केले हे पाहिलं की त्यांचा स्वतःचा विचार दिसू लागतो. हा विचार जाडजूड ग्रंथांत कमी सापडतो. घटनांची कलमं, फर्मानं, घटना समितीपुढची भाषणं, पत्रं, वर्तमानपत्रांतले वाद यांत तो जास्त आहे. बहुतेक महत्त्वाचे मजकूर एखादी राजवट कोसळल्यावर किंवा कोसळू नये म्हणून लिहिलेले आहेत. तेव्हा वाचायला घेताना पहिला प्रश्न हाच विचारायचा: हा मजकूर कुठल्या पडझडीनंतरचा आहे?

पहिली पडझड १८०८ ची. नेपोलियनने बायोन इथे चौथा कार्लोस आणि सातवा फर्नांदो या बापलेकांकडून स्पेनची गादी सोडवून घेतली आणि आपला भाऊ जोसेफ याला तिच्यावर बसवलं. अमेरिकेतल्या शहरांपुढे प्रश्न उभा राहिला, की राजा कैदेत असताना हुकूम कोणाचा मानायचा? याचं उत्तर पॅरिसहून आलं असा सर्वसाधारण समज आहे. प्रत्यक्षात ते जुन्या स्पॅनिश कायद्यातून आणि फ्रान्सिस्को सुआरेससारख्या कॅथलिक धर्मपंडितांच्या शिकवणुकीतून आलं. राजाला सत्ता लोकसमूहाकडून मिळते. राजा नसला तर ती समूहाकडे परत जाते. २२ मे १८१० रोजी ब्वेनोस आइरेसच्या नगरसभेच्या खुल्या बैठकीत हुआन होसे कास्तेयी या वकिलाने याच आधारावर व्हाइसरॉयची सत्ता संपली असं मांडलं, आणि बिशप लुए यांनी त्याला विरोध केला. तीन दिवसांनी जे शासनमंडळ आलं, तेही कैदेतल्या फर्नांदोच्याच नावाने.

इथे एक बारकावा आहे, आणि पुढच्या पन्नास वर्षांच्या यादवीची मुळं त्यात आहेत. त्या सिद्धांतातला लोकसमूह म्हणजे मतदारांची एकसंध बेरीज नव्हे. तो एकेका शहराचा, त्याच्या मुलखासकटचा समूह. त्यामुळे राजाकडून सुटलेली सत्ता एका राष्ट्राकडे आली नाही, ती शहराशहरांकडे विखुरली. ब्वेनोस आइरेसला जो युक्तिवाद लागू, तो आसुन्सिओन आणि मोन्तेविदेओलाही लागू. काराकासने १९ एप्रिल १८१० ला स्वतःचं शासनमंडळ स्थापलं, तर त्याच प्रदेशातली कोरो आणि माराकाइबो ही शहरं स्पेनशी एकनिष्ठ राहिली. बोगोताने एक केलं, तर कार्ताहेनाने ११ नोव्हेंबर १८११ ला आपलं वेगळं स्वातंत्र्य जाहीर केलं. पुढे संघराज्य की एककेंद्री राज्य हा जो न संपणारा झगडा दिसतो, तो फिलाडेल्फियाची, म्हणजे तिथे झालेल्या संयुक्त संस्थानांच्या घटनेची, नक्कल केल्यामुळे सुरू झाला नाही. फिलाडेल्फियाचा नमुना हाताशी होता म्हणून त्या झगड्याला तयार भाषा मिळाली, एवढंच.

फ्रेंच विचारवंत रूसोही होताच. ब्वेनोस आइरेसच्या शासनमंडळाचा सचिव मारियानो मोरेनो याने १८१० सालीच ‘सामाजिक करार’चा स्पॅनिश अनुवाद छापला. पण धर्माविषयीचा भाग त्याने गाळला आणि प्रस्तावनेत तसं सांगूनही टाकलं, की या विषयात लेखक बहकला आहे. उसनवारी कशी चालायची याचा हा उत्तम नमुना आहे. लोकांचं सार्वभौमत्व घेतलं, नागरी धर्म नाकारला. याला भित्रेपणा म्हणू नये. ज्या समाजात जन्म, लग्न, मरण, शाळा, इस्पितळ आणि कर्ज हे सगळं चर्चमधून जात होतं, तिथे नवी राजवट चर्चशी भांडण घेऊन उभी राहू शकत नाही, हे मोरेनोला पक्कं कळत होतं.

कादिसची घटना बहुतेक वाचक ओलांडून पुढे जातात. तसं करू नये. १९ मार्च १८१२ ची ही स्पॅनिश घटना ३८४ कलमांची आहे, आणि तिच्या चर्चेत अमेरिकेतून निवडून आलेले प्रतिनिधीही होते. मेक्सिको, मध्य अमेरिका आणि पेरूतल्या लाखो लोकांनी पहिल्यांदा मत दिलं ते या घटनेखाली. मूळ रहिवासी इंडियन लोकांना तिने नागरिक मानलं. आफ्रिकी वंशाचे पूर्वज असलेल्यांना २२ व्या कलमाने नागरिकत्वाबाहेर ठेवलं आणि २९ व्या कलमाने प्रतिनिधींची संख्या ठरवण्याच्या लोकसंख्येतूनही वगळलं. दुसऱ्या गोष्टीचा अर्थ सरळ होता: अमेरिकेच्या जागा कमी, म्हणजे संसदेत स्पेनचं बहुमत कायम. अमेरिकन प्रतिनिधींचा विश्वास उडाला त्याचं एक मोठं कारण हे मोजमाप. नोव्हेंबर १८१२ मध्ये मेक्सिको शहरात निवडणूक झाली, तेव्हा निवडून आलेले सगळे अमेरिकेत जन्मलेले होते, आणि व्हाइसरॉयने ती प्रक्रियाच स्थगित केली. याच घटनेची लाट १८२० च्या पोर्तुगीज क्रांतीमार्फत गोव्यापर्यंतही आली होती. लिस्बनच्या संसदेसाठी गोव्यातून जे प्रतिनिधी निवडले गेले, त्यांत बर्नार्दो पेरिश द सिल्व्हा होते. स्पॅनिश अमेरिकेचा इतिहास आपल्याला वाटतो तितका परका नाही, तो असा.

आता सिमोन बोलिव्हार, दक्षिण अमेरिकेच्या उत्तर भागातल्या स्वातंत्र्ययुद्धाचा सेनापती. त्याला महापुरुष म्हणून वाचलं की त्याचा विचार हरवतो. त्याचे चार मजकूर क्रमाने लावले की एक माणूस चौदा वर्षं एकाच प्रश्नाशी झटताना दिसतो: स्वातंत्र्य टिकेल इतकी ताकद सरकारात कशी आणायची, आणि तरी ते स्वातंत्र्याचं सरकार कसं ठेवायचं?

व्हेनेझुएलाच्या पहिल्या प्रजासत्ताकाने डिसेंबर १८११ मध्ये संघराज्याची घटना केली. तिच्यात कार्यकारी सत्ता तीन जणांच्या हाती होती. २६ मार्च १८१२ ला, पवित्र गुरुवारी, भूकंपाने काराकास उद्ध्वस्त केलं. १८१० चा उठावही पवित्र गुरुवारीच झालेला, त्यामुळे राजनिष्ठ पाद्र्यांनी याला देवाची शिक्षा ठरवलं. जुलैमध्ये प्रजासत्ताकाचा सेनापती मिरांदा याने शरणागती पत्करली आणि प्रजासत्ताक संपलं. बोलिव्हारचा १५ डिसेंबर १८१२ चा कार्ताहेना जाहीरनामा हा या पराभवाचा ताळेबंद आहे. त्यात तो भूकंपाला मुख्य दोष देत नाही. दोष देतो तो दुबळ्या संघराज्याला, शत्रूला वारंवार दिलेल्या माफीला, कायम फौज उभी न करण्याला, आणि पैशाच्या उधळपट्टीमुळे काढाव्या लागलेल्या कागदी चलनाला. लोकांना ज्याचा सराव नाही असं सरकार हवेतलं प्रजासत्ताक ठरतं, असं त्याचं म्हणणं. पण यात घाईने ‘लोक नालायक आहेत’ असं वाचू नका. तीन शतकं या लोकांना राज्यकारभारात शिरूच दिलं नाही, अगदी जुलमी कारभारातही वाटा दिला नाही, ही बाजू त्याने १८१५ च्या जमैका पत्रात सविस्तर मांडली आहे. दोन्ही एकत्र वाचायला हवेत.

१५ फेब्रुवारी १८१९ चं, व्हेनेझुएलातल्या आंगोस्तुरा इथे जमलेल्या प्रतिनिधींपुढचं भाषण हा या सगळ्या वाङ्मयातला माझ्या मते सर्वांत दाट मजकूर आहे. फ्रेंच विचारवंत मॉन्तेस्क्यूचं वाक्य घेऊन तो म्हणतो, की कायदे देशाच्या भूगोलाला, हवामानाला, लोकांच्या सवयींना साजेसे हवेत. मग वॉशिंग्टनचे कायदे इथे कसे चालतील? आणि स्वतः प्रस्ताव मांडतो तो ब्रिटिश धर्तीच्या वंशपरंपरागत सिनेटचा, शिवाय नीती आणि शिक्षणावर देखरेख करणाऱ्या एका चौथ्या सत्तेचा. म्हणजे एक नमुना नाकारून त्याने दुसरा घेतला, आणि त्याला प्राचीन अथेन्स-रोमची जोड दिली. प्रतिनिधींनी काय केलं ते पाहा. वंशपरंपरेऐवजी सिनेटरना तहहयात मुदत दिली, आणि नैतिक सत्तेचा भाग घटनेला परिशिष्ट म्हणून छापला. बोलिव्हारच्या बाजूला बसलेली माणसंही विचार करत होती, हे अशा ठिकाणी कळतं.

असंच १८२६ च्या बोलिव्हियाच्या घटनेचं. मसुदा बोलिव्हारचा: राष्ट्राध्यक्ष तहहयात, उपाध्यक्ष त्यानेच नेमायचा आणि तोच पुढे वारस, तीन सभागृहं, त्यांपैकी एक नीतिरक्षकांचं. त्याचा युक्तिवाद असा, की निवडणुकीत दर वेळी सत्तांतराचा धोका असतो, तो वारस आधी ठरवून टाळता येईल, आणि तहहयात अध्यक्षाचे अधिकारच इतके थोडे ठेवू की तो जुलमी होऊ शकणार नाही. या तर्कातली चूक तेव्हाच अनेकांनी दाखवली: वारस नेमण्याचा अधिकार ज्याच्या हाती, त्याचे बाकी अधिकार थोडे राहत नाहीत. पण जास्त शिकवून जातात ते चुकिसाका इथे भरलेल्या बोलिव्हियाच्या घटना सभेने केलेले दोन बदल. बोलिव्हारने मसुद्यात राज्याचा धर्म मुद्दाम लिहिला नव्हता; सभेने कॅथलिक धर्माचं कलम घातलं. बोलिव्हारने गुलामगिरी तत्काळ संपवली होती. सभेने गुलामांना बोलिव्हियाचे नागरिक म्हटलं, आणि पुढे जोडलं की विशेष कायदा होईपर्यंत त्यांनी जुन्या मालकाचं घर सोडायचं नाही. पहिल्या अर्ध्या वाक्यात मुक्ती, दुसऱ्यात ती काढून घेतलेली. घटनेतलं वाक्य पूर्णविरामापर्यंत वाचायचं, हा नियम इथे पक्का होतो. पेरूने हीच घटना डिसेंबर १८२६ मध्ये स्वीकारली आणि दोन महिन्यांच्या आत टाकून दिली.

बोलिव्हारच्या विरोधात कोलंबियाचा उपाध्यक्ष सांतान्देर हे नाव येतं. कायद्याचा माणूस विरुद्ध तलवारीचा माणूस अशी मांडणी सर्रास होते, पण ती अपुरी आहे. त्यांच्यातला एक खरा वाद इंग्रज विचारवंत जेरेमी बेंथमवरून झाला. सांतान्देरने नोव्हेंबर १८२५ मध्ये कायद्याच्या विद्यार्थ्यांना बेंथम शिकवणं सक्तीचं केलं. हेतू नीट समजून घ्यावा: स्पेनच्या कायद्यांचं प्रचंड जुनं जाळं मोडायला ‘यातून कोणाचं किती सुख?’ हा एकच साधा निकष हाती द्यायचा. चर्चला यात नास्तिकता दिसली. मार्च १८२८ मध्ये बोलिव्हारने बेंथमवर बंदी घातली, कारण घटना बदलण्यासाठी ओकान्यात भरणाऱ्या परिषदेआधी त्याला चर्चची साथ हवी होती. १८३५ मध्ये सांतान्देरच्या राजवटीत बेंथम परत आला. अभ्यासक्रमातलं एक पुस्तक दहा वर्षांत आत, बाहेर, पुन्हा आत. इतकं त्या काळात विचारांना वजन होतं.

मग पुढारी-हुकूमशहा आले कुठून? एक कारण पैशाचं, आणि विचारांच्या इतिहासात ते नेहमी विसरलं जातं. मूळ रहिवाशांवरचा कर, म्हणजे त्रिबुतो, स्वातंत्र्याच्या घोषणेबरोबर रद्द झाला. खाणी युद्धात बंद पडलेल्या. तिजोरी भरायची ती बंदरांतल्या जकातीतून, आणि १८२२ ते १८२५ या काळात लंडनहून काढलेल्या कर्जांतून. दशक संपेपर्यंत त्या कर्जांचे हप्ते सगळ्यांचेच थकले. पगार न मिळालेली फौज घेऊन बसलेला सेनापती आणि रिकामी तिजोरी घेऊन बसलेली संसद, यांत कोण जिंकणार हे ठरवायला रूसो लागत नाही.

दुसरं कारण घटनांच्या आतच होतं: असाधारण अधिकारांचं कलम. संकटकाळी सरकारला जादा अधिकार द्यायचे, पण कोणी, किती दिवस आणि कशावर, याचं उत्तर बहुतेकांनी सैल ठेवलं. ब्वेनोस आइरेस प्रांताच्या विधिमंडळाने १८३५ मध्ये प्रांताचा गव्हर्नर रोसास याला सार्वजनिक सत्तेची सारी बेरीज बहाल केली. अटी दोनच, कॅथलिक धर्म राखायचा आणि संघवादी पक्षाची बाजू राखायची. मुदत त्याला गरज वाटेल तेवढी. वर शहरात जनमतही घेतलं, आणि विरोधात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी मतं पडली. म्हणजे ही हुकूमशाही कायद्याच्या दारातून, मतदान करून आली होती. ती १८५२ पर्यंत टिकली.

यावर दोन उत्तरं निघाली, दोन्ही मुळातून वाचावी. चिलीची १८३३ ची घटना म्हणते: संकट येणारच, तर त्याची व्यवस्था घटनेतच करू. संसद बसलेली नसेल तर राष्ट्राध्यक्ष राज्यमंडळाच्या संमतीने अंतर्गत गडबडीसाठी वेढ्याची स्थिती, म्हणजे आणीबाणी, जाहीर करू शकतो, आणि तेवढ्या भागात घटनेचा अंमल थांबतो. अध्यक्ष पाच वर्षांचा, लगेच एकदा फेरनिवड शक्य. परिणाम: १८३१ ते १८७१ या चाळीस वर्षांत चार अध्यक्ष, प्रत्येक दहा वर्षं, आणि सत्तांतर नियमाने. या व्यवस्थेमागे मंत्री दिएगो पोर्तालेसचं मत होतं, की सद्गुणी नागरिक तयार होईपर्यंत लोकशाही पुढे ढकलावी आणि सरकार बळकट, अवैयक्तिक ठेवावं. किंमतही लिहायला हवी: १८५१ आणि १८५९ अशी दोन यादवी युद्धं, आणि पोर्तालेसचा स्वतःचा १८३७ मधला खून. तरी ही घटना दुरुस्त होत होत १९२५ पर्यंत चालली.

दुसरं उत्तर अर्जेंटिनाचं. १८५३ च्या घटनेचं २९ वं कलम म्हणतं, की संसद किंवा प्रांतिक विधिमंडळ कोणालाही असाधारण अधिकार वा सार्वजनिक सत्तेची सारी बेरीज देऊ शकत नाही. तसं कोणी केलं तर ते मुळातच शून्य, आणि त्यावर सही करणारे देशद्रोही. जगातल्या घटनांत असं कलम क्वचित सापडेल. रोसासला दिलेल्या अधिकारांसाठी १८३५ साली जे शब्द वापरले, तेच शब्द घेऊन हे कलम ते दार बंद करतं. शिवाय शिक्षा सत्ता घेणाऱ्यापुरती नाही, ती देणाऱ्या आमदारालाही आहे, कारण चूक त्याच्या हातून झाली होती. हा विचार कुठून उसना घेतला, असं विचारून पाहा. उत्तर सापडत नाही, तो त्यांच्या स्वतःच्या अनुभवातून निघाला आहे. अर्थात त्याच घटनेत २३ व्या कलमाने वेढ्याची स्थिती आणि ६ व्या कलमाने प्रांतांत केंद्राचा हस्तक्षेपही आहे, आणि पुढच्या सरकारांनी तो भरपूर वापरला. एक दार बंद केलं, दोन किलकिली राहिली.

या घटनेमागचा मुख्य विचारवंत हुआन बाउतिस्ता आल्बेर्दी. १८३७ मध्ये ब्वेनोस आइरेसच्या मार्कोस सास्त्रेच्या पुस्तकांच्या दुकानात जमलेल्या तरुणांपैकी तो एक. एचेवेर्रिया त्याच गटातला, आणि बाहेरून त्यांना येऊन मिळालेला सार्मिएंतो. रोसासमुळे सगळे परागंदा झाले: मोन्तेविदेओ, सान्तियागो, वाल्पाराइसो. सार्मिएंतोने १८४५ मध्ये चिलीतल्या वर्तमानपत्रातून ‘फाकुन्दो’ लिहिलं. शहर म्हणजे सुधारणा, मोकळं गवताळ रान म्हणजे रानटीपणा, आणि रोसास हा त्या रानाने शहरावर मिळवलेला विजय, अशी मांडणी. वाचायला विलक्षण ताकदीचं आहे. पण ते राजवटीविरुद्धचं हत्यार म्हणून लिहिलंय हे विसरून समाजशास्त्र म्हणून वाचलं की फसगत होते. रोसासचा पाठिंबा शहरातही होता आणि बड्या जमीनदारांतही.

आल्बेर्दी थंड डोक्याचा. ३ फेब्रुवारी १८५२ ला कासेरोसच्या लढाईत रोसास हरला, मेमध्ये घटनेचा पाया सांगणारं आल्बेर्दीचं ‘बासेस’ हे पुस्तक वाल्पाराइसोत छापून तयार. दुसऱ्या आवृत्तीत त्याने घटनेचा मसुदाच जोडला, आणि पुढल्या १ मे रोजी मंजूर झालेल्या घटनेत त्याचा मोठा भाग आला. त्याचं म्हणणं: आज शक्य असलेलं प्रजासत्ताक वेगळं, उद्याचं खरं प्रजासत्ताक वेगळं. आज बळकट अध्यक्ष, नागरी हक्क सगळ्यांना अगदी परदेशीयांनाही, राजकीय हक्क जपून. रेल्वे, मुक्त नद्या आणि युरोपातून येणारी माणसं देश बदलतील, मग मतपेटी. युरोपीय स्थलांतराला उत्तेजन देण्याचं २५ वं कलम आजही अर्जेंटिनाच्या घटनेत आहे. या विचाराची काळी बाजू लपवण्यासारखी नाही: इथल्या माणसांपासून प्रजासत्ताक घडणार नाही, माणसंच बदलली पाहिजेत, असं त्यात गृहीत आहे.

याला खरं उत्तर आधीच दिलेलं होतं, बोलिव्हारचे गुरू सिमोन रोद्रिगेस यांनी. हा माणूस अजून पुरेसा वाचला जात नाही. त्यांनी १८२५-२६ मध्ये चुकिसाकात शाळा काढली. तिथे रस्त्यावरची पोरं, मुलं आणि मुलीही, अक्षरांबरोबर सुतारकी, गवंडीकाम, लोहारकी शिकत. शहरातल्या प्रतिष्ठितांना ते सोसलं नाही, राष्ट्राध्यक्ष सुक्रेशीही बिनसलं, आणि काही महिन्यांत शाळा गेली. रोद्रिगेस म्हणत: वसाहत करायचीच तर देशातल्याच माणसांनी करा, त्यांना काम आणि शिक्षण देऊन. स्पॅनिश अमेरिका मूळची वेगळी आहे, तिच्या संस्थाही वेगळ्याच हव्यात. शोध लावू, नाहीतर चुकू. १८२८ पासून निघालेल्या त्यांच्या ‘अमेरिकन समाज’ या लिखाणाची छपाईही पाहा. ओळी तुटक, मध्येच मोठी अक्षरं, कंसांनी जोडलेली वाक्यं, पानावर विचाराचा नकाशा काढल्यासारखी. नव्या आवृत्त्यांत ती मांडणी सपाट केलेली असते, तेव्हा मूळ पानांची छायाचित्रं मिळवूनच वाचावं.

मेक्सिकोचा वाद चर्च आणि मालमत्तेभोवती फिरतो. स्वातंत्र्याच्या उठावाचा पुढारी असलेल्या पाद्री मोरेलोसने सप्टेंबर १८१३ मध्ये चिल्पान्सिंगोच्या सभेपुढे ठेवलेल्या २३ कलमांत गुलामगिरी आणि जातवार भेद बंद, श्रीमंती आणि गरिबी दोन्हींना आवर घालणारे कायदे, आणि त्याच यादीत कॅथलिक धर्म एकमेव, दुसरा खपवून घ्यायचा नाही. आजच्या उजव्या-डाव्याच्या खणांत हे बसत नाही, बसवूही नये. पुढे उदारमतवादी होसे मारिया लुइस मोरा यांनी चर्च आणि लष्कर यांची वेगळी न्यायालयं आणि चर्चची अडकून पडलेली मालमत्ता हा आजाराचा मूळ मुद्दा धरला. १८३३ च्या सुधारणा त्यातून आल्या आणि वर्षभरात उलटल्या. समोर परंपरावादी मंत्री लुकास आलामान. त्यांना नुसते प्रतिगामी म्हणणारे त्यांनी १८३० मध्ये कारखान्यांना भांडवल पुरवणारी सरकारी पतपेढी उभी केली हे विसरतात. त्यांचं म्हणणं, की मेक्सिकन लोकांना जोडणारा एकच धागा उरलाय, तो धर्म. तोही तोडाल तर देश राहणार नाही. १८४८ मध्ये अर्धा मुलूख संयुक्त संस्थानांना गमावलेल्या देशात हा युक्तिवाद पोकळ वाटत नव्हता.

चर्चचा प्रश्न इतरत्र वेगळ्या रूपात होता. बिशप नेमण्याचा हक्क स्पेनच्या राजाकडे होता. तो हक्क राजाबरोबर गेला, की नव्या सरकारकडे आला? कोलंबियाने १८२४ च्या कायद्याने तो आपल्याकडे घेतला. त्याच वर्षी पोप बाराव्या लिओने अमेरिकन धर्मगुरूंना फर्नांदोच्या बाजूने उभं राहायला सांगितलं होतं. बिशप मेले की जागा रिकाम्या, नवे पाद्री दीक्षित होईनात. रोमने न्यू ग्रानादाला (आजच्या कोलंबियाला) मान्यता दिली ती १८३५ मध्ये.

सर्वांत मोठं अपयश मूळ रहिवाशांच्या बाबतीतलं, आणि ते समतेच्या नावाखाली झालं म्हणून नीट समजून घ्यावं. वसाहतीच्या काळात इंडियन गावांना वेगळा कर होता, पण सामाईक जमीनही होती. उदारमतवाद्यांनी दोन्ही अपमानास्पद ठरवलं: कर रद्द, जमीन वाटून खाजगी. बोलिव्हारचं ८ एप्रिल १८२४ चं पेरूतल्या त्रुहियोचं फर्मान याच विचाराचं. घडलं काय? कर तिजोरीला लागत होता म्हणून तो नाव बदलून परत आला, पेरूत १८२६ मध्ये, कोलंबियात १८२८ मध्ये. पेरूतून तो गेला १८५४ ला. जमिनीचं वाटप मात्र पुढे चालू राहिलं, आणि कागद करून दिलेली एकेकट्या कुटुंबाची जमीन शेजारच्या हासिएन्दाने, म्हणजे बड्या जमीनदारीने, सहज गिळली. मेक्सिकोत १८५६ च्या लेर्दो कायद्याने चर्चबरोबर गावांची सामाईक जमीनही त्याच तडाख्यात आली. समूहाला हक्क असू शकतात, हे त्या पिढीतल्या बहुतेकांच्या तर्कात बसतच नव्हतं.

आणि कायदेपंडित आंद्रेस बेयो. जन्म काराकासचा, एकोणीस वर्षं लंडनला, १८२९ पासून मरेपर्यंत चिलीत. १८४४ मध्ये चिलीचा लेखक लास्तारिया याने स्पेनचा सगळा वारसा गुलामीचा ठरवला, तेव्हा बेयोंनी उत्तर दिलं की ज्या चिवटपणाने आपण लढलो तोही तिथूनच आला, आणि आधी कागद तपासा, सिद्धांत मग. त्यांचा खरा राजकीय विचार चिलीच्या दिवाणी संहितेत आहे: १८५५ ला मंजूर, १ जानेवारी १८५७ पासून लागू, २,५२४ कलमं. घटना दर बंडाला बदलतात. करार, वारसा, मालकी यांचे नियम पक्के असतील तर समाज टिकतो, ही त्यांची धारणा. संहिता एक्वादोर आणि कोलंबियानेही घेतली. पण विवाह वैध की अवैध हे ठरवणं तिने चर्चकडेच ठेवलं, आणि विवाहित स्त्रीला नवऱ्याच्या अधिकाराखाली. चिलीत नागरी विवाह आला १८८४ मध्ये.

वाचायचं कसं, ते शेवटी. सुरुवात कार्ताहेना जाहीरनाम्याने करा, पाचसात पानं आहेत. मग जमैका पत्र, आंगोस्तुरा, १८२६ चं बोलिव्हियाच्या सभेसाठीचं भाषण. त्यानंतर लगेच रोद्रिगेस, म्हणजे बोलिव्हारचा पगडा जरा सैल होतो. मग ‘बासेस’, आणि शेजारी १८५३ ची घटना उघडी ठेवून. कुठलीही घटना हातात आली की प्रस्तावना सोडा आणि नागरिक कोण हे सांगणारं कलम काढा: साक्षरता, उत्पन्न, घरगडी आणि रोजंदार वगळलेत का? मेक्सिकोच्या १८३६ च्या कायद्यांत वर्षाला १०० पेसो उत्पन्नाची अट होती. ब्वेनोस आइरेस प्रांतात मात्र १८२१ पासून सगळे स्वतंत्र पुरुष मत देत होते, आणि रोसास त्यावरच उभा राहिला. मग निवडणुकीच्या पायऱ्या किती ते पाहा, मग धर्माचं कलम, मग संकटकाळचं. शेवटी त्या वर्षीची जकात आणि लष्कराचा खर्च मिळतो का बघा.

अनुवादावर भिस्त ठेवाल तर बोलिव्हार आणि सार्मिएंतो यांच्यापलीकडे फारसं हाती लागत नाही. मोरा, आलामान, रोद्रिगेस यांच्यासाठी कामापुरती स्पॅनिश शिकावीच लागते. कायद्याची भाषा ठरावीक असते, त्यामुळे घटनांची कलमं वाचण्याइतकी स्पॅनिश सात-आठ महिन्यांच्या नियमित अभ्यासात येऊ शकते. काराकासच्या बिब्लिओतेका आयाकुचो या प्रकाशनमालेत यातले बरेच मजकूर टिपांसकट आहेत. त्यातल्या तारखा मात्र पानाच्या कडेला लिहून ठेवा. १८२६ च्या बोलिव्हारचं वाक्य १८१२ च्या बोलिव्हारच्या तोंडी घालणं ही या विषयातली सर्वांत जास्त होणारी चूक आहे, आणि छापील पुस्तकांतही ती सापडते.